मसाल्यातले तीळ

माणसं गाव सोडतात तेव्हा ताटातलं काय काय सोबत नेतात, हे शोधणं माझं काम. लोक मला इतिहासाची प्राध्यापक म्हणतात, आई म्हणते, "दुसऱ्यांच्या डब्यात नाक खुपसायचा पगार घेते." खोटं नाही ते. कुणाकडेही गेले तरी माझी नजर आधी मांडणीवरच्या बरण्यांकडे जाते.

तरी आमच्याच घरच्या मसाल्यात तीळ कसे, हा प्रश्न मला फारच उशिरा पडला. आई सिंधुदुर्गातली. तिच्या मसाल्यात मिरची, धणे, बडीशेप, दगडफूल सगळं रीतसर. आणि वर ओंजळ ओंजळ भाजलेले तीळ. मी आत्या, माम्या, गाववाले, सगळ्यांना फोन लावले. तीळ कुणाच्याच मसाल्यात नव्हते. एक मामी तर म्हणाली, "मसालो करतंस काय लाडू?"

आईला विचारलं तर ती म्हणाली, "आमच्यात घालतात." मला तेवढं पुरलं. मी नव्या पुस्तकासाठी चांगली आठ पानं खरडली: घाट उतरून येणारे बैल, व्यापारी, बंदरं, तिळाचा प्रवास. लिहिताना माझं मलाच कौतुक वाटत होतं.

मग त्याच पुस्तकासाठी मराठवाड्यातून आलेल्या बौद्ध कुटुंबांच्या मुलाखती घेत मी कांदिवलीला गेले, आमच्या जुन्या शेजारणीकडे. घाटकोपरच्या डोंगरावरच्या चाळीत त्यांची आणि आमची भिंत एक होती. मी त्यांना मावशी म्हणायचे. आता त्या मुलाच्या फ्लॅटमध्ये राहतात. रेकॉर्डर सुरू करून मी पहिलाच प्रश्न मसाल्याचा विचारला.

मावशी हसायला लागल्या. "आईनं सांगितलं नाही व्हय तुला? अगं, साकीनाक्याचा मसाला कुटणारा पाच किलोच्या खाली मशीनच चालू करायचा नाही. तुमचं अडीच, आमचं अडीच. मग आम्ही दोघींनी एकच मसाला केला. मिरची तुझ्या आईच्या पसंतीची, तीळ-खोबरं माझं. कुटून आणायचो नि अर्धा अर्धा घ्यायचो. बारा-तेरा वर्षं!"

माझ्या आठ पानांची वाट लागली, आणि मला भलताच आनंद झाला. बैल नाहीत, बंदर नाही. तीळ शेजारच्या दारातून आले होते. दोन घरांत रोज एकाच मसाल्याचं कालवण! मी मनातल्या मनात नवं प्रकरण लिहायलाही घेतलं. त्यात सगळं कसं गोड होतं.

"हे पुस्तकात लिहू का?" मी विचारलं.

"लिही की." मावशी म्हणाल्या. "पण मग सगळंच लिही. तुझ्या आजीला कळू नये म्हणून मसाल्याचे वाटे माझ्या घरात करायचो. मी दर खेपेला पाण्याचा तांब्या पुढं करायचे. तुझी आई माझ्या घरात कधी घोटभर पाणी प्यायली नाही."

त्या रागावून बोलल्या नाहीत. नेहमीच्याच आवाजात बोलल्या आणि मला बशी पुढे केली. मला मान वर करता येईना.

मुलुंडला घरी येईपर्यंत मी ठरवत होते, पाण्याचं गाळून टाकावं. आई अठ्ठ्याहत्तर वर्षांची. तिच्या डोळ्यांदेखत तिच्याच लेकीनं हे छापायचं? पण मावशींचा मसाला तेवढा घ्यायचा आणि त्यांचं म्हणणं नाकारायचं, म्हणजे मीही तेच करणार होते. लाज वाटली मला.

शेवटी रेकॉर्डिंग आईलाच ऐकवलं. ती लसूण सोलत ऐकत होती. पाण्याचं वाक्य आलं आणि तिचे हात थांबले. मला वाटलं, आता ती सासूवर ढकलेल, नाहीतर तेव्हा तसंच असायचं म्हणेल.

"मे महिना असायचा," ती म्हणाली. "साकीनाक्यापासून डोंगर चढून यायचो, डोक्यावर डबा. मसाल्यानं घसा नुसता जळायचा. सासू कुठे बघायला होती तिथे? दार लावलेलं असायचं."

"मग?"

"तहान लागलेली असायची गो मला." तिनं लसणाची पाकळी पुन्हा हातात घेतली आणि म्हणाली, "लिही तू. आणि तिला विचार, मी आता आले तर देईल का पाणी."