मुक्या पडद्यावरचा जवान

परवा पिरंगुटच्या घरात लेकीनं माळ्यावरचा जुना दिवा काढून लावला आणि तापलेल्या धुळीचा वास सुटला. त्या वासासरशी मी मुळशीतल्या आमच्या गावच्या देवळापुढं जाऊन बसले, सात-आठ वर्षांची, आईच्या मांडीला टेकून.

लढाई चालू होती. वडील फौजेत होते आणि बरेच दिवस त्यांची काहीच खबर नव्हती. तिन्हीसांजेला सरकारी गाडी लढाईचा बातमीपट घेऊन आली. चित्रं दाखवायच्या यंत्रातला दिवा तापला आणि तोच धुळीचा वास सुटला. कर्णा बिघडला होता, म्हणून चित्रं मुकीच चालली. पडदा म्हणून बांधलेल्या धोतरावरून रणगाडे तरंगत गेले. धूरसुद्धा दुधासारखा मऊ दिसत होता. मग एक जवान आमच्याकडं वळून हसला आणि काहीतरी बोलला.

आई ताडकन उठली. "ह्ये आमचं मालक हायेत! मागं घ्या की जरा!"

गाडीवाल्यानं रीळ मागं घेतलं. जवान पुन्हा हसला.

"काय म्हणत्यात?" आईनं विचारलं.

शेजारचे तात्या म्हणाले, "येतूया म्हणतोय, पोरी."

कितीतरी दिवसांनी आई त्या दिवशी पोटभर जेवली.

पुढं वडील सुखरूप आले. ऐकून हसले. "आमच्या तुकडीकडं कॅमेरा कुटला आलाय? दुसराच कुनी आसंल त्यो."

आईनं चुलीतलं लाकूड मागं ओढलं. मग म्हणाली, "मंग त्याच्या घरच्यांनी त्याला पायलं आसंल का वो?"

तेव्हा तो जवान मला केवढा मोठा वाटला होता. आता डोळे मिटले की दिसतो तो पोरगेलासा, माझ्या नातवाच्या वयाचा. तो खरंच काय म्हणाला, ते मी अजून त्याच्या ओठांवरून ओळखू पाहते.