सैल बेतलेला हप्ता

पंचेचाळिशीतल्या शिंपीकाकांना कपडा काय, कर्ज काय, सगळं सैल बेतलेलंच आवडायचं. घरासाठी वीस लाख काढायचे होते, व्याज नऊ टक्के. पंधरा वर्षांऐवजी पंचवीस वर्षं घेतली तर हप्ता साडेतीन हजारांनी कमी, म्हणून स्वारी खूश होती.

काजं करता करता काकू म्हणाल्या, "अहो, सगळे हप्ते मिळून बघा की! पंधरा वर्षांत साडेछत्तीस लाख जातात, पंचविसात पन्नासच्या वर. आणि सत्तरीपर्यंत सुईत दोरा कोण ओवणार?"

"तू आहेस की!"

"मी तेव्हा पाय पसरून बसणार."

काका हसले, मग बोटांवर वर्षं मोजू लागले. दुसऱ्या दिवशी त्यांनी पंधरा वर्षांवर सही केली आणि दुकानाच्या पाटीवर लिहिलं, 'पडदेही शिवून मिळतील.'