सत्यवान हडकरांचे स्वप्न-स्मृती केंद्र

कट्टा बाजारात एस.टी. थांब्यासमोर खताचे दुकान आहे. त्याच्या माळ्यावर पाटी दिसते: 'स्वप्न-स्मृती संशोधन केंद्र. आद्य प्रवर्तक: सत्यवान लवू हडकर'. ही पदवी भावाला दिली कोणी, असा प्रश्न शेवंतीला पाटी लागली त्याच दिवशी पडला होता. रंगाऱ्याने दिली नसावी. त्याला तो शब्द तीनदा समजावून सांगावा लागला होता.

त्याआधी सत्यवानाने अळंबी लावली, ती कुजली. मग कोकमाचा साबण काढला. तो अंगावर जांभळे डाग ठेवून संपायचा. तेव्हा तो स्वप्नांकडे वळला. स्वप्नाला बुरशी येत नाही, एवढी व्यवहारबुद्धी त्याच्यापाशी होती.

त्याचे म्हणणे असे की माणूस काहीच विसरत नाही. विसरलेले सगळे स्वप्नांत जाऊन बसते आणि झोपलेल्या माणसाच्या तोंडून ते परत काढता येते. एका बाईची हरवलेली कुडी त्याने या शास्त्राने शोधली. बाईला स्वप्नात पाणी दिसले म्हणून घरच्यांनी विहीर उपसली. कुडी सापडली तांदळाच्या पिंपात. "बघा, पाणी आणि तांदूळ पेजेत एकत्रच येतात," असे सत्यवान सर्वांना सांगू लागला. ऐकणारे मान हलवत. शेवंतीने मात्र भाऊ पूर्ण वाया गेल्याची खूणगाठ त्या दिवशी बांधली.

तरीही तिला त्याच्याकडेच जावे लागले. गावच्या देवळात जत्रेला गाऱ्हाणे घालायचा मान हडकरांच्या थोरल्या घराचा. देवापुढे उभे राहून सगळ्या गावासाठी मागणे मागायचे आणि दर वाक्याला लोकांनी 'व्हय म्हाराजा' म्हणायचे, अशी रीत. गाऱ्हाणे कागदावर नसते. मुलाने बापाकडून ऐकून ऐकून ते तोंडात बसवायचे. सत्यवान-शेवंतीचे वडील लवू हडकरांनी उभा जन्म ते घातले. पण चतुर्थीपासून त्यांना माणसांची नावे आठवेनाशी झाली. गाऱ्हाणे मात्र अजून बरेचसे शाबूत होते. जत्रेत घराचा मुलगा उभा राहिला नाही, तर मान धाकट्या घरच्या देवेशकडे जाणार होता.

शेवंती माळ्यावर गेली. "रे सत्या, रोज सांजचो बाबांच्या बाजूक बस. ते बोलतत तसा बोल. जत्रेपर्यंत येतला तुका."

"ता पाठांतर झाला गो बाय! पाठांतर पोपट पण करतत."

"मगे पोपट हो. गाऱ्हाणा तरी रवात घरात."

"मी मुळाक हात घालतंय. बाबांच्या स्वप्नातून आख्खा गाऱ्हाणा भायर काढतंय. जगात कोणी केला नाय हा!"

"जगाक गरज नाय आसा तेची. आपणाक आसा."

दुसऱ्या दिवसापासून प्रयोग सुरू झाला. दुपारी लवू जेवून आडवे झाले की सत्यवान त्यांच्या नाकाशी देवळातल्या अंगाऱ्याची पुडी धरायचा, उशाला मोबाइल ठेवायचा आणि "मागे चला, मागे चला," असे पुटपुटायचा. म्हातारा शिंकायचा आणि कूस बदलायचा. मग झोपेत जे काही बडबडेल ते सत्यवान टिपून घेई. संध्याकाळी लवू जागे होऊन घरापुढच्या खळ्यात बसत आणि आपल्याच नादात गाऱ्हाण्याच्या चार ओळी म्हणत, तेव्हा आद्य प्रवर्तक माळ्यावर दुपारची शिंक पुन्हा पुन्हा ऐकत असत. भात कापून झाले तोवर खळ्यातल्या त्या चार ओळीही गेल्या.

जत्रेला सत्यवान बापाचे उपरणे खांद्यावर टाकून देवापुढे उभा राहिला. मागे रिवाजाप्रमाणे देवेश होता, समोर सगळे गाव आणि पहिल्या रांगेत शेवंतीने हाताला धरून बसवलेले लवू.

"बा देवा म्हाराजा, आज तुझी सगळी लेकरां तुझ्या पायाकडे जमली आसत..."

"व्हय म्हाराजा!"

एवढे कोणालाही येते. पुढे प्रयोगाचे फळ सुरू झाले.

"गुरां कुळथात गेली, ती हाकल रे म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!"

"विमला, पेजेत मीठ घालूक इसारलंस!"

"व्हय म्हाराजा!" गाव सवयीने ओरडले. मेलेल्या आईचे नाव ऐकून शेवंतीने डोळे मिटले. सत्यवानाची छाती फुगली. गावाने आपले शास्त्र मान्य केले, असा त्याचा समज झाला. तो आणखी वरच्या पट्टीत गेला.

"जरा खाली... हां, थंयसर, थंयसर खाजव रे म्हाराजा!"

अर्धे गाव 'व्हय' म्हणून थबकले. मग मंडपात असा हशा उसळला की पुजाऱ्यानेही तोंडाला पंचा लावला. त्या गदारोळात एकच आवाज मनापासून, ठणठणीत आला: "व्हय म्हाराजा!"

लवू हडकर हात जोडून लोकांबरोबर बोलत होते. हे मागणे आपण मागायचे असते, याची खूणही त्यांच्या चेहऱ्यावर नव्हती.

शेवंती उठली. तिने सत्यवानाच्या खांद्यावरचे उपरणे ओढले आणि देवेशच्या खांद्यावर टाकले. "घाल रे बाबा. तू दरवर्षी मागे उभो रवलंस, तुका येता."

देवेशने गाऱ्हाणे न अडखळता घातले आणि थोरल्या घराचा मान गेला.

घरी आल्यावर सत्यवान बापासमोर पाट ओढून बसला. "प्रयोग फसलो नाय बाबा. लोकांची तयारी कमी पडली."

"व्हय म्हाराजा," लवू म्हणाले.

"ही सुरुवात आसा. पुढे सगळ्या जगाक पटतला."

"व्हय म्हाराजा."

सत्यवानाचे डोळे चमकले. "आयकलंस गो बाय? स्मृती परत येताहा!"

शेवंतीने त्याच्यापुढे पेजेची वाटी आदळली. मीठ तिने मुद्दामच घातले नव्हते. त्याला ते कळलेही नाही. तो बोलत राहिला आणि म्हातारा दर वाक्याला दुजोरा देत राहिला.