देवळीतला कोळसा

काल सर्वपित्री अमावस्येला राजघाटावर गेलो होतो. तापीत आजोबांच्या आणि वडिलांच्या नावाने पाणी सोडलं, आणि यंदा पहिल्यांदाच आईच्याही नावाने.

आजोबांना मी पाहिलेलं नाही. इंग्रजांच्या राज्यात, कापसाने दगा दिला त्या साली, लहानग्या वडिलांना गावी, निंबोल्यात, त्यांच्या काकांकडे ठेवून आजी-आजोबा पेंचकडच्या कोळसा खाणीत गेले. तिथे नवरा-बायकोची जोडीच कामाला लागायची. नवरा आत कोळसा फोडायचा, बायको टोपली डोक्यावर घेऊन वर आणायची.

एक दिवस आजी टोपली घेऊन वर आली आणि खाली छत बसलं. साहेबाने ती वाट विटा लावून बंदच करून टाकली... आत आजोबा आणि बाकीची माणसं तशीच. आजीने त्या शेवटच्या टोपलीतला एक कोळसा पदरात बांधला आणि गावी परतली.

लोकांनी समजावलं, प्रेत नसेल तर दर्भाचा पुतळा करून त्याला अग्नी देतात. आजी ऐकेना. "मानूस आत हाये, गवत कशाले जाळू?" कोळसा फडक्यात बांधून भिंतीतल्या देवळीत ठेवला, आणि कपाळावर कुंकू तसंच. गाव नावं ठेवायचं.

मग आई सून होऊन आली. लहान पोर, तिला कुणी काही सांगितलंच नव्हतं. एका सकाळी आजी तापाने फणफणली होती आणि घरातली लाकडं ओली. काढा तर करायलाच हवा... आईला देवळीत तो कोळसा सापडला.

आजी उठून आली तेव्हा शेगडीत कोळसा लालबुंद झाला होता. आई सांगायची, मला वाटलं आता मार बसणार. पण आजी शेगडीपुढे नुसती बसून राहिली, पार राख होईपर्यंत. मग तशा तापात डोक्यावरून पाणी घेतलं आणि आपल्या हाताने कुंकू पुसलं.

"आज त्याहिले आग भेटली वं पोरी," एवढंच म्हणाली. तो काढा कुणी प्यायला नाही. राख याच राजघाटावर सोडली.

आई मात्र जन्मभर ती आपली चूक धरून बसली. दर वर्षी घाटावर माझ्या मागे उभी राहून पुटपुटायची, "मामंजी, माफ करा..."

काल मागे कुणी नव्हतं. आई, माफी कसली मागत होतीस गं... वडिलांना, त्यांच्या पोटच्या मुलाला, जे करता आलं नाही, ते तू केलंस. आजोबांना अग्नी तू दिलास.