एक पाऊल मागं, डाव्या अंगाला

सिंगापूरच्या क्लेमेंटी भागात मार्केटाच्या मागल्या अंगाला बारा मजली ब्लॉक आहेत, त्यातल्या एकात नवव्या मजल्यावर रवींद्र गुरव राहतो. मूळचा तासगाव तालुक्यातल्या भिवतळवाडीचा. शेचाळीस वर्षांचा गडी, अंगानं वाळल्या शेवग्यागत, आणि काम एका मोठ्या कंपनीचा डेटाबेस सांभाळायचं. सिंगापुरात येऊन सतरा वर्षं झाली. पीआर, म्हणजे कायम राहायचा परवाना मिळाला, फ्लॅट घेतला, त्यातली एक खोली युनिव्हर्सिटीतल्या पोरांना भाड्यानं दिली. कुणाच्या अध्यात नाही की मध्यात नाही. मराठी माणसांच्या गणपतीत खुर्च्या मांडायला हा पहिला आणि फोटोला उभं राहायला शेवटचा.

बायकोचं, सुलेखाचं, ह्याच गोष्टीवर भांडण. ती पुण्याची, बँकेत मॅनेजर. माणसानं आपलं काम आपल्या तोंडानं सांगावं, हे तिचं सरळ गणित. हा मात्र महिनाभर खपून एखादी गोष्ट उभी करणार, मीटिंगमध्ये दुसराच कुणीतरी ती मांडणार आणि हा मागं भिंतीला टेकून मान हलवणार. "तुमच्या घराण्यालाच मागे उभं राहायचा शाप आहे," असं ती एकदा बोलून गेली. रागानं बोलली, पण खोटं बोलली असं कुणी म्हणणार नाही.

रवींद्रचा बाप, भैरू गुरव, शाहीर बाबरांच्या फडात झीलकरी होता. पोवाड्यात शाहीर म्होरं उभा असतो, डफ त्याच्या हातात, लोकांची नजर त्याच्यावर. झीलकरी मागं. शाहिराची ओळ संपत आली की तिचं शेपूट धरायचं आणि 'जी रं जी जी' करून वर ओढायचं. तेवढ्यात शाहीर दम खाऊन घेतो. एवढंच काम. भैरूनं अडतीस वर्षं तेवढंच केलं. सांगलीच्या पेपरात एकदा फडाचा फोटो छापून आला. त्यात शाहीर आला, ढोलकीवाला आला आणि कडेला भैरूचं एक कोपर आलं. आईनं ते कोपर चौकटीत बसवून सोप्यात लावलं होतं. हे आमच्या बाचं, असं रवींद्र सांगायला गेला की गल्लीतली पोरं हसायची.

पुढं भैरूनं पोरालाही झीलेला उभा केला. शिकवलं ते एकच. म्होरक्याच्या पावलापुढं पाऊल टाकायचं न्हाई, एक पाऊल मागं, डाव्या अंगाला. का, ते सांगितलं नाही. आणि बापाला का म्हणून विचारायची आमच्याकडं तवा रीत नव्हती. पोरानं आपल्या मनानं अर्थ लावला, की आपण खालचे म्हणून मागं. तो अर्थ तो परदेशातसुद्धा बरोबर घेऊन आला.

मागल्या वर्षी त्या भाड्याच्या खोलीत कॉरमॅक नावाचा आयरिश संशोधक राहायला आला. तांबूस दाढी, मऊ बोलणं, सोबत एक गिटार. त्याचा दोस्त डोनल वुडलँड्सला राहायचा, कारण तिकडं भाडं कमी, आणि रोज पोरांना इंग्रजी शिकवायचा. दोघांनी मिळून बँड काढला होता. म्हणायला हिप हॉप, पण त्यात मशीन नाही, वीज नाही. कॉरमॅकची गिटार, पायाखाली बडवायला एक लाकडी खोकं आणि डोनलचे शब्द. दर रविवारी चार वाजता ते ब्लॉकच्या खालच्या मोकळ्या जागेत, व्हॉइड डेकमध्ये, सराव करायचे. बँडचं नाव 'वेट टर्फ'. त्यांच्याकडं दलदलीतली माती कापून, वाळवून चुलीला घालतात, ती ओली राहिली तर नुसता धूर करते, असं कॉरमॅकनं समजावून सांगितलं. रवींद्रला दुसऱ्यांदा सांगावं लागलं नाही. ओल्या शेणकुटानं त्याची आई रोज डोळे चोळत स्वयंपाक करायची.

बँडचाही धूरच चालला होता. ऐकायला दोन म्हातारे, तेही बुद्धिबळात मुंडी घालून, आणि ब्लॉकची मांजर.

एका रविवारी कॉरमॅक किल्ली विसरून खाली गेला, ती द्यायला रवींद्र उतरला, तो डोनलच्या पाठीमागनं आला. डोनलचं चाललं होतं. मळणीच्या मशीनमधनं मक्याचे दाणे उडावेत तसे शब्द. वुडलँड्सच्या बसबद्दल, आईच्या चहाबद्दल, पावसात वाळत घातलेल्या सदऱ्याबद्दल. पण गड्याला लहानपणापासून दमा. पाचव्या ओळीला धाप लागायची, शेवटचे दोन शब्द घशातच राहायचे, आणि कॉरमॅक गिटारीवर हात ठेवून थांबायचा. पुन्हा पहिल्यापासनं. पुन्हा तिथंच. तिसऱ्या खेपेला डोनलचा आवाज बुडायला लागला आणि रवींद्रचा गळा त्याला न विचारताच उघडला. पाचव्या ओळीचं शेपूट त्यानं धरलं आणि 'जी रं जी जी' करून असं वर ओढलं, की म्हाताऱ्यांचा डाव थांबला. डोनलनं पोटभर श्वास घेतला आणि सहावी, सातवी, आठवी ओळ एका दमात म्हणून टाकली.

मग तिघं एकमेकांकडं बघत उभे राहिले. रवींद्र सॉरी म्हणला, सवय आहे म्हणला, आणि किल्ली पुढं केली. किल्ली कुणी घेतलीच नाही.

"परत कर," डोनल म्हणला.

तिथनं चूल पेटली. रवींद्र दर रविवारी खाली उतरायला लागला. समोरच्या मॅडम लिम घरातनं प्लॅस्टिकची खुर्ची घेऊन यायच्या. कुणीतरी मोबाईलवर शूटिंग केलं, ते फिरलं. नदीकाठच्या एका पबनं दर गुरुवारी संध्याकाळी गायला बोलावलं. पहिल्या गुरुवारी अकरा माणसं होती, त्यातली पाच पबचीच. तीन महिन्यांत लोक दाराबाहेर फुटपाथवर उभं राहायला लागले. झील आली की अख्खा पब 'जी रं जी' म्हणायचा. त्यात चिनी, मलय, आयरिश, चोआ चू कांग भागातलं एक मराठी टोळकंही. अर्थ कुणालाच ठाऊक नव्हता, आणि खरं बघता त्याला अर्थ नाहीच.

रवींद्रची पोरगी श्रिया, पंधरा वर्षांची. शाळेत तिला जी-जी अंकलची मुलगी म्हणायला लागले. घरी येऊन ती, तिकडच्या पोरांगत शेवटी 'लाह' जोडून, म्हणली, "बाबा, यू इन द बँड ऑर नॉट? नोबडी कॅन सी यू, लाह." कारण हा गडी काळा शर्ट घालून एक पाऊल मागं, डाव्या अंगाला उभा राहायचा, आणि पबचा दिवा तिथवर पोचत नव्हता.

त्याची फळं मिळालीच. खाडीकाठी एक मोठा महोत्सव होणार होता, त्यात वाजवायला देशोदेशीचे बँड धडपडतात. त्यांची दोन माणसं एका गुरुवारी पबात येऊन, पार मागं उभी राहून ऐकून गेली. आठवड्यानं ईमेल आली. कॉरमॅकनं ती जेवणाच्या टेबलाशी मोठ्यानं वाचली. वेट टर्फची निवड झाली आहे, दोन्ही कलाकारांचं अभिनंदन, सोबत पोस्टर. पोस्टरवर कॉरमॅक आणि डोनल. खाली एक सूचना होती, ती वाचता वाचता कॉरमॅकचा आवाज बसला. ह्या मंचावर मशीनचा आवाज चालत नाही, तेव्हा गाण्यामागं जो टेप केलेला आवाज लावता, तो लावू नये.

सुलेखा आमटी वाढत होती. तिनं पळी पातेल्यात ठेवली.

"मशीन म्हणाले तुला, रवी. आणि तू अजून जेवतोयस?"

"आमटी गार हुतीया," रवींद्र म्हणला.

पण पुढच्या रविवारी तो खाली उतरला नाही. दिवसभर एक्झॉस्ट फॅनची पाती खोलून घासत बसला. पोस्टरचं त्याला काही नव्हतं. त्या घराण्याला फोटोची सवय नाही. पण गळा त्याचा असला तरी झील बापाची होती, अडतीस वर्षं उघड्या मैदानात बिनमाईकची घासलेली. तिला टेप म्हणले. मागं उभा राहणारा दिसत नाही, इथवर ठीक होतं. आता मागं माणूस आहे, हेच कुणाला वाटेना झालं होतं.

संध्याकाळी डोनल लिफ्टनं वर आला. तुझ्याबिगर आम्ही जाणार नाही म्हणला. येड्यागत करू नको, अशी संधी परत येत नाही, दोघंच जा, असं रवींद्रनं फॅन घासता घासता त्याला सांगितलं.

"आणि पाचव्या ओळीला मी मरू?" डोनल म्हणला.

शेवटी कॉरमॅकनं महोत्सवाला फोन लावला. मंचाचं काम मिस कोह नावाची बाई बघत होती. बाई कडक, पण ऐकून घेणारी. शनिवारी तीन वाजता आवाजाची चाचणी आहे, तिथं माणूस आणा, म्हणली. मला माणूस दिसला पाहिजे आणि ऐकू आला पाहिजे. सगळे माईक पुढं एका ओळीत असतात, तिघांनी त्या ओळीत उभं राहायचं. जमलं तर तिघं, नाही जमलं तर पोस्टरवर आहेत ते दोघं.

सुलेखानं लाल कुडता आणला. ह्यात तरी दिसशील, म्हणली. रवींद्रनं घातला.

शनिवारी तीनचं ऊन. शेकडो रिकाम्या खुर्च्या, पलीकडं पाणी. मंचावर तीन माईक, डोनल मधी. रवींद्रचं पाऊल काही त्या ओळीत पडेना. बाप मरून नऊ वर्षं झाली होती, तरी पडेना. पाण्याची बाटली घेऊन आलेल्या श्रियानं त्याला मागनं ढकललं. "गो लाह, बाबा."

गेला. गाणं सुरू झालं. चार ओळी बऱ्या गेल्या, पाचवीला झील लवकर पडली, डोनलचे शब्द तिच्याखाली चेंगरले. पुन्हा सुरू केलं. ह्या वेळी झील उशिरा आली, डोनल खोकत बसला. तिसऱ्या खेपेला तर दोघं एकदमच थांबले, बांधावर समोरासमोर आलेल्या दोन माणसांगत, कुणी कुणाला वाट द्यायची ते कळेना. मिस कोहनं घड्याळात बघितलं. वाईट नाही, पण तिसऱ्या माणसाची गरज दिसत नाही, असं ती सभ्यपणानं म्हणली. सुलेखा पुढच्या रांगेत मांडीवरच्या पर्सकडं बघत होती.

रवींद्र घाम पुसत उभा. गळा तोच, गाणं तेच, म्होरक्या तोच. मग बिघडलं कुठं? त्यानं डोनलकडं बघितलं, आणि त्याच्या ध्यानात आलं, की डोनलचं गातानाचं तोंड तो आज पहिल्यांदा बघतोय. तोंड लबाड. गाताना डोनल भुवया उडवतो, डोळे मिटतो, हसतो. दम संपत आला तरी तोंड कळू देत नाही. रविवारी रवींद्रला दिसायची ती पाठ. डोनलच्या खांद्याची पाती सदऱ्याखाली वर सरकायची, धाप लागायच्या आधी अर्धी ओळ. पात्यांनी सांगितलं की ह्यानं शेपूट धरायचं. आजवर त्यानं शब्दावर झील टाकलीच नव्हती. पाठीवर टाकली होती.

बापानं का सांगितलं नव्हतं ते हे. पाठ दिसावी म्हणून मागं उभं राहायचं. ह्यात खालचं-वरचं कुठनं आलं? नांगर धरणारा बैलाच्या मागनंच चालतो, म्हणून त्याला कुणी बैलाचा गडी म्हणत नाही.

"मॅडम," तो मिस कोहला म्हणला, "एकदा माझ्या जागेवरनं म्हणतो. माईक नको."

बाईनं बोट वर केलं. एकच वेळ. रवींद्र एक पाऊल मागं सरला, डाव्या अंगाला. कॉरमॅकनं खोकं बडवलं. चार ओळी गेल्या. पाती सरकली, आणि भैरू गुरवाची झील खुर्च्यांवरनं अशी गेली, की कठड्यावर बसलेले दोन कावळे उडाले. मिस कोह मंचापासनं चालत निघाली. मधल्या रांगेत थांबली, शेवटच्या रांगेत थांबली, पार पाण्याच्या कठड्यापर्यंत जाऊन पाठमोरी उभी राहिली. गाणं संपेतोवर तशीच. परत आली ती आधी आवाजवाल्याकडं गेली आणि त्याची सगळी बटणं बंद आहेत का ते तिनं स्वतः बघितलं.

मग तिनं खिशातनं पांढऱ्या चिकटपट्टीचं रीळ काढलं आणि, माईक कुठं हवाय तुम्हाला, असं रवींद्रला विचारलं. त्यानं पायानं दाखवलं. तिनं खाली वाकून तिथं फुली मारली.

महोत्सवाच्या संध्याकाळी कुणीतरी डोनलला चकचकीत कातडी कोट घालायला दिला. मंचावर जायला दोन मिनिटं असताना रवींद्रनं तो बघितला.

"काढ ते," तो म्हणला.

सतरा वर्षांत त्यानं कुणाला हुकूम केल्याचं सुलेखानं ऐकलं नव्हतं. डोनलनं का म्हणून विचारलं. पाठ दिसत न्हाई, एवढंच उत्तर मिळालं, आणि कोट खुर्चीवर गेला.

पोस्टर बदललं नाही. दोघांचंच राहिलं. गाणं मात्र तिघांचं झालं, आणि पुढल्या महिन्यात मलेशियातल्या पिनांगहून बोलावणं आलं, त्यात तीन नावं होती, रवींद्रचं जरा चुकीचं लिहिलेलं.

श्रियानं त्या दिवशी पडद्याआडनं, मंचाच्या मागल्या बाजूनं एक फोटो काढला होता. त्यात सगळ्यांत पुढं लाल कुडत्यातला रवींद्र, अख्खाच्या अख्खा, त्याच्या पलीकडं डोनल, कॉरमॅक, आणि मग माणसंच माणसं. सुलेखानं तो मोठा करून आणला, चौकटीत बसवला आणि दिवाणखान्यात लावून ह्याला बघायला बोलावलं. रवींद्रनं चष्मा वर करून, फोटोला नाक लावून बघितला.

"डोनलची पाठ झ्याक आलीया," म्हणला, आणि ऑफिसला गेला.