दहापैकी आठ

आमच्या गावच्या देवळात गुरव कौल लावायला बसला की ओल्या शेवंतीचा वास गाभाऱ्यातून पार ओसरीपर्यंत येतो. पाण्यात बुडवलेल्या पाकळ्या देवीच्या पाषाणावर चिकटवायच्या, प्रश्न विचारायचा आणि वाट पाहायची. उजवी पडली तर होय, डावी पडली तर नाही. आज सकाळी कुणी मुलीच्या स्थळाचं विचारायला आलं होतं. मी हात जोडले आणि लगेच बाहेर पडलो. तो वास आता सोसवत नाही.

माझा थोरला भाऊ, आमचा अण्णा, निपाणीच्या एका कॉलेजात तर्कशास्त्र शिकवायचा. निवृत्त झाल्यावर धर्म, नीती आणि ज्ञान यांवर तो पुस्तक लिहीत होता. देव नाही, असं त्याने कुठेच लिहिलं नाही. आहे म्हणणाऱ्याने कशावरून ते सांगावं, आणि नाही म्हणणाऱ्यानेही, एवढंच त्याचं मागणं. मी बेळगावच्या उद्यमबागेत एका फौंड्रीत तपासनीस. ओतीव माल ठोकून, आवाज ऐकून पास-नापास ठरवणारा. म्हणून त्याने मला एक काम लावलं: कौल किती खरे होतात ते मोजायचं. तीन वर्षं दर रविवारी मी ओसरीवर बसलो. पुढे विचारणाऱ्यांच्या घरी जाऊन काय घडलं तेही टिपून आणलं. पहिल्या वर्षी चाळीसपैकी एकोणतीस कौल खरे निघाले. मी भीत भीतच सांगितलं.

"देवी फुडं हाय म्हण की!" अण्णा खदखदून हसला. "लिव तसंच. आपल्या बाजूचा न्हाय म्हणून आकडा खोडायचा नसतोय."

"लोक हसतील की तुला."

"हसू देत. माझा धाकटा आकड्यात लबाडी करत न्हाय, एवढं एकच मला पक्कं ठावं हाय. बाकी समदी शंका."

नीतीच्या प्रकरणात त्याने लिहिलं होतं की मरणाऱ्या माणसाला खोटा धीर देऊ नये. उरलेल्या दिवसांचं काय करायचं हे त्याचं त्याला ठरवू द्यावं. ते प्रकरण स्वच्छ अक्षरात मीच उतरवलं. उतरवताना मला ते पटलंही होतं.

गेल्या थंडीत त्याला बेळगावात दवाखान्यात ठेवलं. ज्ञानावरचं शेवटचं प्रकरण तेवढं लिहायचं राहिलं होतं. डॉक्टरांनी मला बाहेर घेऊन सांगितलं, यातून दहातला एखादा उठतो, आणि दिवस फार नाहीत. आत गेलो तर अण्णा जागाच होता.

"काय म्हणला डाक्टर? गोल गोल बोलू नको. आकडा सांग."

माझ्या पिशवीत वही होती, पेन होतं. पण अण्णाच्या डोळ्यांत मी जन्मात पहिल्यांदा भीती पाहिली.

"दहापैकी आठ बरे होतात," मी म्हणालो.

प्रत्येक गोष्टीला पुरावा मागणाऱ्या माणसाने मला उलट एक प्रश्न केला नाही. "मग लई सवड हाय रं," तो म्हणाला. "शेवटचं प्रकरण डोक्यात तयार हाय. घरी गेल्यावर निवांत सांगतो, तू लिवून घे." पुढचे दोन दिवस तो शुद्धीत होता, बोलत होता. वहिनीच्या गुडघ्यांबद्दल, माझ्या भातशेतीबद्दल, परसातल्या फणसाबद्दल. मी हुंकार देत बसलो. तिसऱ्या दिवशी सकाळी तो गेला.

महिन्याने मी वहिनीला खरं सांगितलं. ती म्हणाली, "दोन दिवस हसत होते की ते, भावजी. मनाला लावून घेऊ नका." ते हसणं एका बाजूला आणि ते राहून गेलेलं प्रकरण दुसऱ्या बाजूला, कुठलं जड, ते मला अजून ठरवता येत नाही.

पुतण्या म्हणतो, काका, तुम्हाला त्यांचं सगळं माहीत आहे, शेवट तुम्हीच लिहा. अण्णा काय म्हणाला असता याचा मला अंदाज येतो. पण अंदाज म्हणजे ज्ञान नव्हे, हे सांगण्यातच त्याची हयात गेली. म्हणून पुस्तक छापायला देताना त्या प्रकरणाचं मी नुसतं नाव ठेवलं आहे आणि खाली माझ्या सहीने लिहिलं आहे: हे प्रकरण लेखकाच्या मनात तयार होतं. ते सांगायला त्याच्याजवळ दोन दिवस होते. तेवढेच आहेत, हे मी त्याला कळू दिलं नाही.