जुनी किल्ली

पाक सुतिक्नोंचं, म्हणजे आमच्या सुतिक्नोरावांचं, काम कधी कुणाच्या नजरेला पडलं नाही. कचेऱ्यांतल्या कारकुनांना संगणकावरून सही करता यावी म्हणून डिजिटल प्रमाणपत्र लागतं. ते मागवायचं आणि आलं की जागच्या जागी बसवायचं, हे करणारी एक लायब्ररी फाइल असते, म्हणजे संगणकाच्या आत चालणारा एक छोटा प्रोग्रॅम. इंडोनेशियातल्या सालातिगा शहरातल्या आमच्या छोट्या कंपनीत ती त्यांनी एकट्यानं लिहिली होती. मध्य जाव्यातल्या चारशे कचेऱ्यांच्या संगणकांत ती निमूट चालायची. मी, एंदा, शेजारच्या टेबलावर बसून तक्रारींचे फोन घ्यायचे.

प्रमाणपत्राबरोबर ती फाइल एक गुप्त किल्ली तयार करायची. त्या किल्लीनं सही होते, आणि संगणकातल्या फाइली कुलूपबंदही करता येतात; त्या उघडायला मग तीच किल्ली लागते. तिची प्रत काढता येत नाही. सुरक्षेची अटच तशी होती. दोन वर्षांनी प्रमाणपत्र नवं झालं की नवी किल्ली यायची. जुनी किल्ली पाक सुतिक्नो संगणकातच बाजूला ठेवायचे.

"पाक, लोक वैतागलेत," मी एकदा म्हटलं. "सही करायला गेलं की दोन नावं दिसतात, जुनं आणि नवं. नेमकं चुकीचं निवडतात आणि शिव्या मला घालतात. जुनं काढून टाका ना."

"जुन्या किल्लीनं कुणी काही बंद करून ठेवलं असेल तर, एंदा?"

"कोण ठेवतंय? साधी सही करताना घाम फुटतो त्यांना."

तीन आठवडे मी त्यांच्या मागे लागले होते. साहेबांनीही माझीच री ओढली. शेवटी एका शुक्रवारी त्यांनी ती ओळ लिहिली: नवं बसलं की जुनं सगळं, किल्लीसकट, पुसायचं. लिहून झाल्यावर बराच वेळ ते पडद्याकडे बघत बसले.

महिन्याभरानं तेमांगुंगच्या कचेरीतून फोन आला. माणूस अगदी हळू बोलत होता. "माझ्या काही फाइली उघडत नाहीयेत. कुणाला सांगू नका, पण कुणी येऊ शकेल का?"

आम्ही दोघं गेलो. त्यांचं नाव दारमाजी. जन्ममृत्यूची नोंद ठेवणारे पंचावन्नच्या आसपासचे कारकून. त्यांनी आधी दार लावलं, चहा दिला, आणि मग सांगितलं. एकोणीसशे पासष्ट साली, कम्युनिस्ट ठरवून, लष्करानं आसपासच्या गावांतून माणसं उचलून नेली होती. ती परत आली नाहीत, त्यांच्या मृत्यूची नोंदही झाली नाही. दारमाजींचे वडील त्यांतलेच. सहा वर्षं ते सुट्टीच्या दिवशी गावोगाव जाऊन म्हाताऱ्या माणसांना विचारत होते. एक्केचाळीस जणांनी तोंड उघडलं होतं, तेही एका अटीवर: कागदावर काही ठेवायचं नाही. म्हणून दारमाजी घरी लिहून आणायचे, कचेरीत टाइप करायचे, प्रमाणपत्रानं कुलूप घालायचे आणि कागद जाळायचे.

"पेन ड्राइव्हवर प्रत आहे माझ्याकडे," ते आशेनं म्हणाले.

तिलाही तेच कुलूप होतं, आणि त्याची किल्ली नवं प्रमाणपत्र बसलं तेव्हाच पुसली गेली होती.

पाक सुतिक्नो तीन दिवस त्या संगणकासमोर बसले. पुसलेल्या किल्लीचा मागमूस लागतो का, म्हणून डिस्कचा कोपरा न् कोपरा धुंडाळला. पण मधल्या महिन्यात रोज शेकडो दाखले निघाले होते. त्या जागेवर केव्हाच दुसरं काहीतरी लिहिलं गेलं होतं. तिसऱ्या दिवशी दुपारी त्यांनी हात मांडीवर ठेवले.

"पाक दारमाजी, ती ओळ मी लिहिलीय."

"यांनी नाही," मी म्हटलं, "मी लिहायला लावली."

दारमाजी आमच्यावर ओरडले असते तर बरं झालं असतं. ते उठले, भात आणि तेंपे या सोयाबीनच्या वड्यांची ताटं घेऊन आले आणि म्हणाले, "जेवून घ्या. लांब जायचंय तुम्हाला."

त्याच आठवड्यात पाक सुतिक्नोंनी लायब्ररी फाइलमधली ती ओळ काढून टाकली. मग ते दारमाजींबरोबर गावोगाव पुन्हा विचारायला दर रविवारी मोटरसायकलनं तेमांगुंगला जाऊ लागले. कधी कधी मीही जायचे. एक्केचाळीसपैकी चौदाच माणसं उरली होती. त्यांतल्या पाच जणांना काही आठवेना. एका म्हाताऱ्यानं हात जोडले. "एकदा सांगितलंय मी. सांगून मोकळा झालो, तेव्हापासून झोप लागते. परत नका मला तिथं नेऊ." पाक सुतिक्नोंनी त्यांचे जोडलेले हात हातात घेतले आणि आम्ही परत फिरलो.

म्बाह पाइनी, म्हणजे पाइनी आजी, ब्याऐंशी वर्षांच्या होत्या. अंगणात बांबूच्या तट्ट्यांवर तंबाखू वाळत होती, त्या सावलीला बसल्या होत्या. त्यांच्या नवऱ्याबरोबर एकाच ट्रकमधून सात जणांना नेलं होतं. नेताना त्यांनी प्रत्येकाचा चेहरा पाहिला होता.

त्यांनी बोटांवर मोजत नावं घेतली. पाचांपर्यंत आल्या आणि थांबल्या. सहावं दारमाजींना आठवलं. "सातवा तो वरच्या आळीतला," म्बाह म्हणाल्या, "बासरी वाजवायचा. लग्न ठरलं होतं त्याचं. आई-बाप आधीच गेलेले. काय बाई त्याचं नाव..."

आम्ही वाट पाहिली. त्यांनी डोळे मिटले, ओठ हलवून पाहिले. दारमाजींनी कपाळ दाबून धरलं होतं.

"तुम्ही सांगितलं होतं, म्बाह," ते म्हणाले. "मी टाइप केलं होतं."

"मग झालं तर," म्बाहंचा चेहरा उजळला. "तुझ्याकडे असेलच की."

पाक सुतिक्नो उठून तट्ट्यांपलीकडे गेले आणि आमच्याकडे पाठ करून उभे राहिले. त्यांचे खांदे हलत होते. मी म्बाहंच्या पायांशी तशीच बसून राहिले. त्या मला उकडलेला कसावाचा कंद खा म्हणून आग्रह करत होत्या.

वरच्या आळीत आम्ही घरोघर विचारलं. बासरीवाला एकदोघांना अंधुक आठवत होता, नाव कुणालाच नाही. तंबाखूच्या पुढच्या हंगामाआधी म्बाह गेल्या.

त्या वर्षाअखेर पाक सुतिक्नोंनी नोकरी सोडली. साहेबांनी कारण विचारलं तर "डोळे थकले" एवढंच म्हणाले. त्यांनी आणि दारमाजींनी मिळून आठ जणांचं सांगणं पुन्हा लिहून काढलं, या वेळी कागदावर. बाकी तेहतीस अजूनही दारमाजींच्या पेन ड्राइव्हमध्ये आहेत. मी अजून फोन घेते. परवाच एक कारकून चिडून म्हणाला, "यादीत दोन-दोन नावं कशाला दाखवता हो? जुनं काढून टाका ना."

"नाही काढता येत," मी म्हटलं.